मयताशी नाते

लग्नपत्रिका हातात आली की मी आधी मुहूर्त बघत नाही, ऱ्हस्व-दीर्घ बघतो. मुद्रितशोधनावर पोट असल्यानं नातेवाइकांत माझा तेवढाच काय तो दरारा. त्यामुळे बाबांनी घेतलेल्या रिंगरोडपलीकडच्या दीड एकरावर वारसांची नावं चढवायची निघाली, तेव्हा ‘कागदपत्रांचं मी बघतो’ असं मीच छाती काढून म्हणालो.

वारसा हक्कानं जमीन आली की तीन महिन्यांत कळवा, असं महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ सांगते. त्या तीन महिन्यांत आम्ही बरीच वर्षं बसवली. मग २०२५ च्या एप्रिलात राज्यभर ‘जिवंत सातबारा’ मोहीम निघाली, मयत खातेदारांच्या जागी वारस लावायला. महसूलमंत्री बावनकुळे आपल्याच कामठीचे. म्हटलं, लाजेकाजेस्तव तरी उठावं.

अर्ज गेला. पटवाऱ्यानं फेरफार धरला. (सरकारनं त्याला आता ग्राम महसूल अधिकारी केलंय. आमच्याकडे सीपी अँड बेरारपासून तो पटवारीच.) हरकतींसाठी पंधरा दिवसांची नोटीस लागली. तिचा फोटो मी घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकला. एवढ्या शिकलेल्या घरात इतके अंगठे पहिल्यांदाच उठले! वाचलं कोणीच नाही. मी वाचलं, आणि ‘नोटिस’ ऱ्हस्व पडल्याचं ग्रुपवर नमूदही केलं.

हरकत आली नाही, मंडळ अधिकाऱ्यांनी नोंद प्रमाणित केली. डिजिटल सहीचा सातबारा पंधरा रुपयांत निघाला. त्यावर आई, मी आणि ताई अशी तिन्ही नावं बघून मी पेढे वाटले.

पुढे पीककर्जासाठी बँकेत फेरफाराची नक्कल दिली. साहेबांनी एकदा कागदाकडे पाहिलं, एकदा माझ्या मिशीकडे. ‘मयताशी नाते’ या रकान्यात अदलाबदल झाली होती. आईपुढे ‘मुलगा’, माझ्यापुढे ‘पत्नी’. ताई तेवढी मुलगी राहिली होती.

तहसिलीतला बाबू मुळीच दचकला नाही. ‘होते जी कधी कधी. पण तुमचं अडलं कुठी? विधवेले, पोराले, पोरीले कायद्यात हिस्सा सारखाच. पत्नी असा का मुलगा असा, तुमचा तिसरा हिस्सा कुठी नाही जात.’

१९५६ चा हिंदू उत्तराधिकार कायदा मला इतका गैरसोयीचा आजवर कधी वाटला नव्हता.

घरी येऊन संहिता काढली. कलम १५७ : प्रमाणित नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी मानायची. म्हणजे तूर्त मी बाबांची विधवा. फेरफारानं मालकी मिळत नाही, ती नोंद महसुलापुरती, असं सर्वोच्च न्यायालयानं वेळोवेळी सांगून ठेवलंय. त्या न्यायानं पत्नीपदही मिळत नसावं, एवढ्याच आधारावर मला रात्री झोप लागली.

दुरुस्ती कलम १५५ खाली, लेखनप्रमाद म्हणून. अर्जासोबत प्रतिज्ञापत्र जोडायचं होतं. ‘मी सत्यप्रतिज्ञेवर लिहून देतो की, मी मयताची पत्नी नाही व कधीही नव्हतो.’ कचेरीबाहेरच्या टंकलेखकानं ‘नव्हते’ मारलं होतं. हे मात्र मी पकडलं.

कागद चाळून बाबू म्हणाला, ‘सहखातेदाराचं म्हणणं लागंन. पोराले घेऊन या.’

पोरगा म्हणजे आई. वय अठ्ठ्याहत्तर, जिना चढताना दर पायरीला माझा उद्धार करणारी. ती मेथी निवडत बसली होती. मी सगळं समजावून सांगितलं. तिनं शांतपणे ऐकलं, चष्मा लावून नक्कल स्वतः वाचली, परत वाचली.

‘सही देते न, बाप्पा. घाई काय आहे?’ असं म्हणून तिनं परात माझ्याकडे सरकवली आणि रिमोट उचलला. ‘तोवर मुलगा मी आहे ना? मग मेथी तू निवड. आणि काड्या नको ठेवू, तुझ्या बाबांना चालत नसत.’