आमचे अर्जदार

बेळगावजवळच्या कडोलीत रताळी, बटाटे आणि साहित्य ही तिन्ही पिकं येतात. त्यातलं साहित्य दर जानेवारीत संमेलनाच्या मांडवात पिकतं. तात्यांचं पीक मात्र बारमाही. तात्या माहिती अधिकाराचे अर्ज करतात. बेळगावच्या एका निमसरकारी खात्यात त्यांनी उभा जन्म कारकुनी केली. तेव्हा लोकांच्या अर्जांचं ते काय करत, हे त्यांना कुणी विचारत नाही. निवृत्तीनंतर ते टेबलाच्या अलीकडं आले आणि लोकशाहीवर त्यांचा एकाएकी जीव जडला.

दुखणं एका दिवसाचं आहे. तात्या 30 जूनला निवृत्त झाले आणि त्यांची वार्षिक इन्क्रिमेंट पडायची होती 1 जुलैला. वर्षभर राबून वाढ कमावली, आणि ती हातात पडायच्या आदल्या संध्याकाळी खात्यानं शाल-नारळ देऊन वाटेला लावलं. याचं मूळ गावच्या शाळेत आहे. पोराचा जन्म कधीचा असं मास्तरांनी विचारलं, वडील म्हणाले, "पेरणीच्या टायमाचा." मास्तरांनी जून टाकला. जुलैचा मध्य धरला असता तर त्या एका टाकानं पुढं जन्मभराची पेन्शन वाढली असती. तात्या म्हणतात, "मास्तर गणित चांगलं शिकवले, खरं माझाच हिशेब चुकवून ठेवले."

हा नुसता तात्यांचा हट्ट आहे असं समजू नका. कर्नाटकाच्या वीज पारेषण महामंडळातल्या निवृत्तांनी हेच भांडण सर्वोच्च न्यायालयापर्यंत नेलं आणि 11 एप्रिल 2023 ला जिंकलं. वाढ ही सरलेल्या वर्षभरातल्या चांगल्या कामाची असते. दुसऱ्या दिवशी तुम्ही खुर्चीत नसलात म्हणून ती बुडत नाही, असं न्यायालय म्हणालं. तो मुंदिनमनी खटला तात्यांना हरिपाठासारखा पाठ आहे. त्याच्याही मागचा नकारा खटला ते सणासारखा पाळतात. 17 डिसेंबर 1982 च्या त्या निकालानं सांगितलं की पेन्शन म्हणजे सरकारची मेहेरबानी नव्हे, केलेल्या कामाचाच पुढं ढकललेला पगार. घटनापीठावर पाच न्यायमूर्ती होते, त्यांत चंद्रचूड आणि तुळजापूरकर. त्यामुळं तात्यांना तो निकाल निम्मा घरचाच वाटतो. महाराष्ट्र-कर्नाटक सीमाप्रश्नाचा दावाही 2004 पासून त्याच न्यायालयात आहे, याची कुणी आठवण काढली की तात्या चष्मा पुसायला घेतात.

मग सरळ पैसे मागायचे सोडून माहिती कशाला मागायची? "पैसे मागितलो तर 'बघू' म्हणतात. माहिती मागितलो तर तीस दिवसांत कागदावर उत्तर द्यायला लागतंय." आणि मला विचाराल तर यात तात्यांचं चुकत नाही. ढकललेला पगार किती ढकलला, कुठल्या आकड्याला कशानं गुणलं, हे ज्याचा पगार त्यालाच दिसू नये हा कुठला न्याय? पहिल्या अर्जात त्यांनी 'माझी वाढ का दिली नाही?' असं विचारलं होतं. उत्तर आलं की 'का' ही माहिती होत नाही. दप्तरी जे असेल तेवढंच मिळेल. तेव्हापासून तात्यांनी 'का' सोडलं. आता ते सर्व्हिस बुकची प्रत, पेन्शनचा हिशेबतक्ता आणि फायलीवरची टिपणी मागतात. अशा अर्जात 'का' आपोआप येतं.

अडचण भाषेची. कायद्यानुसार अर्ज इंग्रजीत, हिंदीत किंवा त्या भागाच्या राजभाषेत करायचा. कडोलीची राजभाषा कन्नड, तात्यांची शाळा मराठी आणि इंग्रजीशी बोलाचाली नाही. राहिली हिंदी, तीही पिक्चरमधली. 'महोदय, मेरा पैसा किधर अटका है उसका कागज मेरे को होना.' त्यात कर्नाटकाच्या नियमाप्रमाणं अर्ज शक्यतो दीडशे शब्दांत बसवायचा. तात्यांचे दीडशे शब्द नमस्कार, सेवाकाळ आणि साहेबांच्या कुटुंबाचं क्षेमकुशल यातच सरतात. माहिती कशासाठी हवी हे अर्जदारानं सांगायची गरज नाही, अशी कायद्यात सोय आहे. तात्यांना ती सोय सोसत नाही. ते न विचारता सांगतात, पुरवणी जोडून.

दहा रुपयांची पोस्टल ऑर्डर डकवून अर्ज गेला की भिंतीवरच्या कॅलेंडरवर फुल्या सुरू होतात. एकतिसाव्या दिवसापासून प्रत्येक चौकोनात तात्या लिहितात: 250. हा साहेबाला दिवसाचा संभाव्य दंड. सगळा मिळून पंचवीस हजारांच्या वर जात नाही, म्हणजे शंभर दिवसांनंतर उशीर साहेबाला फुकट; त्या दिवशी तात्यांना जेवण जात नाही. दंडातला पैसाही अर्जदाराला मिळत नसतो, हे त्यांना ठाऊक आहे. "मिळू दे न मिळू दे, साहेबाच्या पगारातून तर जातंय की!"

असे हे पारदर्शकतेचे कैवारी. परवा काकूंनी सहज विचारलं, "अवो, ह्या महिन्याला पेन्शन किती पडली?"

तात्या पेपरातून मान वर न करता म्हणाले, "कलम आठ. खाजगी माहिती."

काकूंनी इतकी वर्षं नुसता चहा केला नव्हता, कानही उघडे ठेवले होते. पहिलं अपील त्याच खात्यातल्या वरच्या अधिकाऱ्याकडं करायचं असतं, हे त्यांना माहीत होतं. घरात तात्यांच्या वर एकच, त्यांची आई. म्हातारी सोप्यात लसूण सोलत होती. सुनेची तक्रार तिनं तोंडीच दाखल करून घेतली.

"पासबुक काढ."

"आई, तसं करता येत नाही. मला दुसऱ्या अपिलात जायला मुभा हाय."

म्हातारीनं पुढची पाकळी सोलायला घेतली. "माझ्या वर तुझा बा. त्यो वर गेलाय. जातोस?"

तात्या उठले आणि ट्रंकेची किल्ली शोधू लागले.