नऊ महिन्यांचा करार मोडणाऱ्या घरमालकास

प्रति,
श्री. किनारी बर्फ,
बेलिंग्सहाउझेन समुद्र, अंटार्क्टिका

स. न. वि. वि.

2022 च्या हंगामात मालकांनी जे करून दाखवले, त्याबद्दल आधी अभिनंदन. बेलिंग्सहाउझेन समुद्राच्या काठी सम्राट पेंग्विनांच्या पाच वसाहती होत्या. त्यांतल्या चार वसाहती मालकांनी पिल्ले मोठी होण्याआधीच रिकाम्या केल्या. नोटीस नाही, कोर्ट नाही, बेलिफ नाही. मुंबईत पागडीचा एक भाडेकरू हलवायचा तर दोन पिढ्या कोर्टाच्या पायऱ्या झिजवतात. इथे एकट्या स्मायली बेटापाशीच साडेतीन हजारांच्या आसपास जोडपी होती.

(मुंबईकरांनी गैरसमज करून घेऊ नये. राणीच्या बागेत काचेआड दिसतात ते हम्बोल्ट पेंग्विन, पेरू-चिलीच्या किनाऱ्याचे. त्यांच्या गारव्याची सोय महापालिका पाहते.)

भाडेकरूंची मागणी तरी काय होती? पुण्या-मुंबईत अकरा महिन्यांचा करार होतो, यांना नऊ पुरतात. एप्रिलच्या सुमारास यायचे, डिसेंबर-जानेवारीत निघायचे. भिंत नको, छप्पर नको, घरटेसुद्धा नको. किनाऱ्याला घट्ट धरून बसलेला समुद्राचा बर्फ पायाखाली असला की झाले. एवढ्या मुदतीत हे लोक काय काय उरकतात, ते मालकांनी कधी वाकून पाहिले आहे का?

मे-जूनमध्ये मादी एकच अंडे घालते, अर्ध्या किलोला थोडे कमी. ते तिच्या पायांवरून नराच्या पायांवर सरकवायचे असते, आणि या देवाणघेवाणीत अंडे बर्फावर पडून राहिले तर आतला जीव गोठतो. मग ती समुद्राकडे निघते. तो पोटाची कातडी अंड्यावर पांघरून साधारण 65 दिवस उभा. जोडीदार शोधण्यापासून मोजले तर जवळजवळ चार महिने त्याच्या पोटात अन्नाचा कण नसतो. वजनातला चाळीस टक्क्यांपर्यंतचा वाटा झडतो. मादीला परतायला उशीर झालाच, तर हा उपाशी बाप अन्ननलिकेत पाझरणारा दुधासारखा रस नवजात पिल्लाला भरवतो. अंधारात, उणे 40 अंशांत हे सगळे एकमेकांना चिकटून उभे असतात. अटका उपसागराजवळच्या एका घोळक्याचे चित्रीकरण तपासून 2011 साली संशोधकांनी दाखवले, की दर अर्ध्या-एक मिनिटाला पेंग्विन पाच-दहा सेंटिमीटरचे पाऊल टाकतात आणि ती हालचाल लाटेसारखी घोळकाभर पसरते. मधली ऊबदार जागा कोणाच्या नावावर नसते. इतके समजूतदार भाडेकरू कोणत्या सोसायटीत मिळतील?

मालकांचीही एक तक्रार असेल: घर घाण करतात. करतात खरे. त्यांच्या विष्ठेचे तपकिरी डाग अवकाशातून दिसतात, आणि त्या डागांवरूनच ब्रिटिश अंटार्क्टिक सर्व्हेचे पीटर फ्रेटवेल व त्यांचे सहकारी उपग्रहांच्या चित्रांत वसाहती शोधतात. या चार घरांतले डाग मुदतीआधीच नाहीसे झाले, म्हणून तर जगाला बातमी कळली.

खरा राग मुदतीचा आहे. पिल्लाच्या अंगावर करडी लव असते. वाऱ्याला ती पुरते, पाण्याला नाही. पाणी न शिरणारी पिसे यायला डिसेंबर उजाडतो. त्याआधी पायाखालचे घर फुटले, की पिल्लू लव भिजून बुडते किंवा गारठून मरते. घाई केली तर किती केली? काही आठवड्यांची. चार महिन्यांचा उपास, 65 दिवसांची उभी पाळी, दोघांच्या समुद्राच्या खेपा, सगळे धुपले ते या काही आठवड्यांपायी! हजारो पिल्ले. आणि ही पहिली वेळही नव्हे. वेडेल समुद्रातल्या हॅली उपसागरात, तेव्हा जगात दुसऱ्या क्रमांकाच्या असलेल्या वसाहतीत, 2016 पासून सलग तीन वर्षे मालकांच्या भाऊबंदांनी हेच केले. तिथली बरीच मंडळी सुमारे 55 किलोमीटरवरच्या डॉसन-लॅम्बटन हिमनदीजवळ नवे घर बघायला गेली.

पण मालकांना तरी किती बोलावे? त्यांची स्वतःचीच जागा राहिलेली नाही. फेब्रुवारी 2023 मध्ये अंटार्क्टिकाभोवतीचा समुद्री बर्फ 18 लाख चौरस किलोमीटरांच्याही खाली आला, उपग्रहांच्या नोंदी सुरू झाल्यापासून तोवरचा सर्वांत कमी. त्या वर्षी ऐन हिवाळ्यातही तो नेहमीइतका पसरला नाही. खालून पाणी तापते, वरून हवा. कोळसा जाळणारे, पेट्रोल जाळणारे हजारो मैलांवर. त्यांच्यापैकी कोणाचीही या करारावर सही नाही. घराबाहेर काढणाऱ्यालाच कोणीतरी घराबाहेर काढत आहे.

ज्यांना सही करता येते, त्यांचे ऐका. 2022 च्या मे-जूनमध्ये बर्लिनला अंटार्क्टिक करारातल्या देशांची बैठक झाली. सम्राट पेंग्विनांना ‘विशेष संरक्षित प्रजाती’ हा दर्जा द्यावा, असा प्रस्ताव होता. चीनने अडवला. तिथे एकमताशिवाय पान हलत नाही, त्यामुळे विषय संपला. अजून पुरावा हवा होता म्हणे! घ्या पुरावा. पुढचे सहा महिने सरेपर्यंत चार वसाहतींची पिल्ले गेली होती. तो दर्जा मिळाल्याने बर्फ घट्ट झाला नसता, हे कबूल. पण जहाजांची, विमानांची, हौशी पाहुण्यांची वर्दळ तरी चार हात लांब ठेवता आली असती. 2024 च्या मे महिन्यात हीच बैठक भारताच्या यजमानपदाखाली कोचीत भरली. दर्जा तिथेही मिळाला नाही. माणसे पाहुणचार घेऊन आपापल्या पक्क्या घरी परतली.

आपले,
भाडेकरूंचे एक हितचिंतक

ता. क. त्याच 2022 मध्ये रॉथशील्ड बेटापाशी मालकांनी मुदत पाळली, असे कळते. पाचांतली ती सर्वांत लहान वसाहत, सहाशेच्या वर जोडपी. तिथे डिसेंबरपर्यंत कसा दम धरला, ते स्मायली बेटाच्या शाखेला कळवावे. तिथले भाडेकरू येत्या एप्रिलमध्ये याच पत्त्यावर चौकशीला येतील.