पापलेट, रूपचंद आणि शिंगाडा

आमच्या आणि शेजारच्या वहिनींच्या अंगणामध्ये कंबरेएवढं तारेचं कुंपण आहे. त्यावर मधुमालती अशी माजली आहे की तार शोधावी लागते. पण आम्ही दोघी जिथे उभ्या राहतो तिथे वेलीला कधी टिकूच दिलं नाही. तेवढी हातभर खिडकी मोकळी. तिच्यातून वाट्या जातात, ताटल्या येतात आणि अख्ख्या कॉलनीच्या बातम्या दोन्ही दिशांनी हिंडतात.

वहिनी मालवणच्या. भाऊजींची बँकेतली बदली भंडाऱ्याला झाली तेव्हा त्यांच्या माहेरी म्हणे सगळ्यांचे चेहरे उतरले, पोरगी समुद्र सोडून कुठे चालली म्हणून. मी त्यांना पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, "समुद्र नाही आमच्याकडे, पण तलाव मोजून दाखवा!" तलावांचा जिल्हा म्हणतात आम्हाला. कोहळी समाजाने बांधलेले मालगुजारी तलाव, गावोगावच्या बोड्या, मधून वैनगंगा आणि आता गोसीखुर्दचं धरण. मासा आम्हाला नवा नाही. नाव तेवढं नवं निघालं, त्याचीच ही गोष्ट.

रविवार होता. आमच्या यांनी बाजारातून पिशवी आणली, ओट्यावर ठेवली आणि खांदे मागे करून म्हणाले, "पापलेट हाय." दोन होते. ताटलीएवढे गोल, चपटे, रुपेरी. पोटाकडे जरा लालसर झाक. एक मी फ्रिजात टाकला, एकाच्या तुकड्यांना हळद, तिखट, मीठ, लसूण चोळून तांदळाच्या पिठात घोळवलं, जवसाच्या तेलात कुरकुरीत तळलं. आणि पहिल्या घाण्याची ताटली कुंपणावरून वहिनींकडे पोचवली. मनात म्हटलं, खा म्हणावं, भंडाऱ्यात पापलेट मिळत नाही असं वाटत होतं नं!

अर्ध्या तासाने ताटली परत आली. एक तुकडा खाल्लेला, बाकीचे तसेच. ताटलीमागे वहिनींचा चेहरा.

"काकू, तळलाय एकदम झकास. पण एक सांगू? रागावणार नाही ना?"

"सांगा नं."

"ह्यां पापलेट न्हय." मनातलं बोलायचं झालं की वहिनींची मालवणी सुटते.

आता सांगा, रागावू नको तर काय करू? मागे आमचे हे पेपर वाचत बसले होते, तिथूनच म्हणाले, "गोल हाय, चांदीवानी चमकून राहिलं, मंग पापलेट नाही तं काय पुरी हाय?"

वहिनी हसल्या. "अख्खा मासा आहे का एखादा?"

फ्रिजातला आणला. वहिनींनी तो कपडे धुवायच्या दगडावर आडवा टाकला आणि अंगठ्याने त्याचा जबडा उघडला. "बघा."

मी वाकले आणि दोन पावलं मागे सरकले. दात! माशाचे नव्हे, माणसाचे वाटावेत असे. चपट्या दाढांची ओळ, आमच्या मामंजींची कवळी ग्लासात असायची तशीच. "पापलेटाचं तोंड केवढंसं असतं काकू, एवढ्या दाढा कुठून येणार त्याला?" मग त्यांनी पाठीवरून बोट शेपटीकडे नेलं. पाठीचा मोठा पर संपल्यावर, शेपटीच्या अलीकडे, एक बारकं मांसल बोंडुक बोटाला लागलं. "हे पापलेटाला नसतं." मासा उलटा केला. पोटाखाली परांची छोटी जोडी. "हीसुद्धा नसते. आणि काट्याचं तर विचारूच नका. पापलेटाला मधला काटा काढला की झालं, लहान पोरही खातं. तुमच्या ह्या तुकड्यात मांसातले बारके काटे किती लागले मला!"

म्हणजे माझ्या दगडावर, माझ्याच माशाची अशी साग्रसंगीत उलटतपासणी झाली. आणि तो हरला.

तो होता रूपचंद. नंतर चौकशी केली तेव्हा कळलं की बाजारात निम्म्या लोकांना हे माहीत आहे. मूळचा दक्षिण अमेरिकेतला, अमेझॉन आणि ओरिनोको नद्यांच्या खोऱ्यातला. तिकडे त्याला पाकू म्हणतात. माणसाचं मांस खाणारा म्हणून सिनेमात बदनाम झालेला तो पिरान्हा याचाच भाऊबंद. हा मात्र झाडावरून पाण्यात पडलेली फळं आणि कठीण कवचाच्या बिया फोडून खातो. दाढा त्यासाठीच. आपल्याकडे तो तळ्यात पाळतात, पटापट वाढतो, आंध्राकडून बर्फाच्या पेट्यांत आपल्यापर्यंत येतो.

आणि नाव? खरी मजा तिथे आहे. बंगालीत 'रूपचांदा' म्हणजे समुद्रातलं पापलेट. रुपेरी चंद्र, किती साजेसं नाव! हा परदेशी पाहुणा बंगालच्या तळ्यांत आला, तेव्हा दिसायला तसाच म्हणून त्याला तेच नाव चिकटलं. तिथून ते आपल्याकडे येताना चांदाचा चंद झाला. मग आमच्या बाजारात कुणीतरी त्या रूपचंदाला परत 'पापलेट' करून टाकलं. म्हणजे पापलेटाचं बंगाली नाव अमेरिकेच्या माशाला, आणि त्या नावाचं मराठी करून पुन्हा पापलेट. आमच्या यांना मी हे समजावलं तर म्हणाले, "म्हणजे फिरून फिरून मी बरोबरच आनलं नं?" या माणसाशी कोण वाद घालेल?

"पण वहिनी," मी विचारलं, "मग खरं पापलेट म्हणजे नक्की कोणतं?"

इथे वहिनी जराशा घुटमळल्या. मला बरं वाटलं.

"तसं बघाल तर आमच्याकडेसुद्धा घोळच आहे. खरं ते रुपेरी पापलेट. मग एक कापरी असतं, त्याला कुणी चायना पापलेट म्हणतात. आणि काळं पापलेट म्हणजे हलवा, तो तर जातीनेच वेगळा. मुंबईत पापलेटालाच सरंगा म्हणतात, आणि आमच्या मालवणात सरंगा मागितला तर हलवा येतो. माझ्या मुंबईच्या नणंदेशी माझं पहिलं भांडण ह्याच्यावरनंच झालं होतं!"

"बघा! आणि आमच्या एका रूपचंदाला तुम्ही चोर ठरवता!"

पापलेट हा शब्दही काही मालवणच्या वाळूत उगवलेला नाही. पोर्तुगीज दर्यावर्द्यांच्या 'पांपो'पासून तो निघाला असावा, असं कोशकार सांगतात. इंग्रजीतही जुनं रूप 'पाम्फ्लेट'सारखं होतं, नंतर ते पॉम्फ्रेट झालं. म्हणजे आपण अडाणीपणाने बिघडवून म्हणतो असं ज्याला वाटतं त्याने ऐकावं, आपलं पापलेटच जुन्याला धरून आहे. आणि खुद्द साहेबाच्या देशाकडे अटलांटिकमधला जो पॉम्फ्रेट, तो आपल्या पापलेटाच्या कुळातलाच नाही.

सप्टेंबर २०२३ मध्ये महाराष्ट्राने पापलेटाला राज्यमासा केलं. पालघरकडचं सातपाटी हे पापलेटाचं नावाजलेलं बंदर, तिथे आनंद होणारच. पण घोषणा केली तेव्हाचे मत्स्यव्यवसाय मंत्री सुधीर मुनगंटीवार, म्हणजे आमच्या शेजारच्या चंद्रपूरचे. हे मी वहिनींना मुद्दाम सांगितलं. ज्या विदर्भात पापलेट बर्फातूनच येतं त्या विदर्भाच्या माणसाने त्याला राज्याचा मान दिला, एवढं तरी आमच्या नावावर लिहा!

त्यावर वहिनी म्हणाल्या, "मान दिलात, आता ओळखायलाही शिका." कुंपण नसतं तर मी चिमटा काढला असता.

महिनाभर मी ही जखम जपली. मग आली संकष्टी.

आमच्याकडे दिवाळीच्या सुमाराला ढिवर लोक तलावातले शिंगाडे काढायला लागतात. छाती-छातीपर्यंत गार पाण्यात उतरून, वेल उलटी करून एकेक फळ तोडायचं, त्याच्या दोन शिंगांनी बोटं फाटतात. उकडून काळे झालेले शिंगाडे मग चौकाचौकात टोपल्यांत दिसतात. वहिनींना त्यांचं फार वेड. कोकणात पिठाच्या पुडीतच शिंगाडा पाहिलेला, इथे अख्खा मिळतो याचं त्यांना अजून कौतुक.

तर संकष्टीला सकाळी फाटकाशी एक ढिवरदादा आले. सायकलला पोतं. हाळी दिली, "सिंगाडाऽऽ! ताजा सिंगाडा!"

वहिनी धावत बाहेर. "द्या हो अर्धा किलो, आज उपास आहे माझा!"

दादा बघतच राहिले. "उपासाले? अर्धा किलो कसा देऊ बाई, एकच हाय, दोन किलोचा." आणि त्यांनी पोत्याचं तोंड उघडलं.

आतून लांब मिशांचं, चपट्या डोक्याचं, बिनखवल्याचं एक तुकतुकीत धूड वहिनींकडे बघत होतं. वैनगंगेतलं, त्याच पहाटेचं. वहिनी "अगो बाय माझे!" म्हणून किंचाळल्या. मी कुंपणाशी उभी होते. गणपतीची शपथ, महिनाभराचं सगळं वसूल झालं.

हा आमचा नदीतला शिंगाडा. पाठीवर एक आणि दोन्ही कुशींना एकेक, अशी तीन शिंगं. धरताना हातात घुसलं तर दिवसभर ठणका. म्हणून पकडणारे आधी ती मोडून टाकतात. खोल पाण्यात राहतो, दीड मीटरपर्यंत वाढतो, आणि रस्सा असा होतो की पापलेटाने लाजावं. (हे माझं मत. वहिनींनी नोंद घ्यावी.)

पण वहिनी घाबरून आत पळाल्या नाहीत. वाकून बघायला लागल्या. मिशा मोजल्या. शिंगाला लांबूनच बोट दाखवलं. "ह्याका आमच्याकडे शिंगाळो म्हणतत! पण तो समुद्रातला. हुबेहूब अशाच मिशा, अशीच शिंगं. माझ्या बाबांच्या हाताला एकदा लागलं होतं, दोन दिवस हात वर करून बसले होते."

दादा म्हणाले, "मंग तोच हाय बाई. इथं काय नि तिथं काय, सिंग लागलं का समजते."

तो तोच नाही हे मला माहीत होतं. दोन्ही वेगळ्या कुळांतले मासे. पण दादांचं म्हणणं खोडायला माझी जीभ वळेना. कारण शिंग होतं म्हणून शिंगाळा, शिंग होतं म्हणून शिंगाडा, आणि तळ्यातल्या त्या फळालाही शिंगं म्हणून संस्कृतात शृंगाटक. तिघांनी एकमेकांचं नाव चोरलं नाही. ज्याच्या हाताला टोचलं त्याने ठेवलं. रूपचंदाला पापलेट कुणी म्हटलं? ज्याला विकायचं होतं त्याने. हा फरक मला त्या पोत्याशी उभं राहून कळला आणि मी तो लगेच कुंपणावरून बोलूनही दाखवला.

ळ आणि ड ची भानगड तेवढी राहिली. आमच्या झाडीबोलीत ळ नाहीच. डोळा म्हणजे डोरा, काळा म्हणजे कारा. श सुद्धा स होतो. साकोलीचे डॉ. हरिश्चंद्र बोरकर या बोलीसाठी आयुष्यभर झटले, त्यांच्यामुळे आम्हाला आमची बोली ही बोली आहे, चूक नव्हे, हे नीट समजलं. तेव्हा वहिनींच्या तोंडचा शिंगाळा आमच्या गावात सिंगाराही झाला असता. मग तो मासा आहे, फळ आहे की नटणं-मुरडणं, ते देवच जाणे.

एक गंमत यांच्याकडून कळली. पेपर वाचणाऱ्या माणसाचा कधीतरी उपयोग होतो. विल्यम साइक्स नावाचा एक लष्करी साहेब दख्खनची पाहणी करायला नेमला होता. त्याने पुण्याच्या मुळा-मुठेतले आणि दख्खनच्या इतर नद्यांतले मासे गोळा केले आणि १८३९ मध्ये त्यांची शास्त्रीय वर्णनं छापली. नावं ठेवताना लॅटिनच्या मागे फार लागला नाही. बऱ्याच माशांची स्थानिक मराठी नावंच जशी कानावर पडली तशी लिहून टाकली. म्हणून आपल्या या शिंगाड्याचं जगभरचं शास्त्रीय नाव आजही 'स्पेराटा सीनघाला' असं आहे. कुठल्याही देशातल्या शास्त्रज्ञाला या माशाबद्दल बोलायचं तर नदीकाठच्या मराठी माणसाचा शब्द उच्चारावाच लागतो.

वहिनींकडेही सांगायला होतंच. समुद्रातल्या शिंगाळ्याची मादी अंडी घालते आणि नर ती तोंडात धरतो. चांगली गोटीएवढी अंडी. पिल्लं बाहेर पडेपर्यंत महिना, दीड महिना तो बाप काही खात नाही. "बघा काकू, खरा उपास त्याचा. आपण साबुदाणा, शेंगदाणे, शिंगाडे, केळी, रताळी सगळं खाऊन उपास करतो."

आमच्या यांनी पेपर खाली केला नाही, पण पानामागून खोकले.

त्या दिवशी मासा आम्ही घेतला. फ्रिजात ठेवला, दुसऱ्या दिवशी रस्सा झाला, वाटी कुंपणावरून गेली आणि चाटूनपुसून परत आली. वहिनींना उपासाचे शिंगाडे मी चौकातून आणवून दिले.

तुम्हीही इकडे मासळी घ्यायला गेलात आणि कुणी "पापलेट हाय" म्हणालं, तर भाव विचारायच्या आधी पाठीवरून शेपटीकडे बोट फिरवा. मांसल बोंडुक लागलं तर रूपचंदाचा भाव द्या आणि घरी रूपचंद म्हणूनच तळा. चवीला तो वाईट नाही.