आष्ट्याच्या काशीबाई आणि ती इंग्लंडची जेन

अहो वहिनी, ऐकलंत का? जरा इकडे भिंतीपाशी या. मोठ्यानं नको बोलायला, वरच्या मजल्यावरच्यांचे कान फार तिखट आहेत.

परवाच्या भिशीला तुम्ही नव्हतात ना? चुकवलीत हो मजा! त्या कॉलेजातल्या मॅडम आल्या होत्या. नाव कशाला घ्या, तुम्हाला कळलंच कोण ते. आल्या आल्या सुरू. त्या इंग्रज कादंबरीकार जेन ऑस्टिनला म्हणे अडीचशे वर्षं झाली. १७७५ चा जन्म. इंग्लंडात त्या बाथ गावी बायाबापड्या जुन्या पद्धतीचे झगे नि टोप्या घालून मिरवतात म्हणे तिच्या नावानं. मॅडमनी फोनमधले फोटो फिरवले. आणि वर एक उसासा सोडून म्हणाल्या, "आपल्याकडे कुठलं आलंय असलं? आपल्या बायका तेव्हा चुलीपुढे."

मी आपली भडंग खात होते. म्हटलं, "मॅडम, आष्टा माहितीये का? इस्लामपूर सोडलं की सांगलीच्या रस्त्याला लागतं ते?" तर म्हणाल्या, "हो, का बरं?" म्हटलं, "तिथे बापटांच्या घरी १८६१ साली एक मुलगी जन्मली. तीच पुढे लेखिका काशीबाई कानिटकर." अहो, चेहरा असा पडला त्यांचा, की भडंगात खवट दाणा लागावा! नाव ऐकलेलं नव्हतं असं नाही हो. ऐकलेलं होतं, पण गाव ठाऊक नव्हतं.

तेवढ्यात ती सांगलीची सून, समोरच्यांची धाकटी, मधेच म्हणते कशी, "आष्टा आमच्या सांगलीत येतं हं, काकू." म्हटलं, बाळ, तुझी सांगली जिल्हा कधी झाली? १९४९ ला साताऱ्यातून तुकडा काढला, नाव ठेवलं दक्षिण सातारा, आणि १९६० ला त्याचं सांगली केलं. काशीबाई जन्मल्या तेव्हा आष्टा साताऱ्यातच होतं. गप्प बसली. पण तिच्या सासूबाईंच्या चेहऱ्यावरचा आनंद तुम्ही बघायला हवा होता!

तर काय सांगत होते... हां, काशीबाई. शाळेचं नाव नाही आणि नवव्या वर्षी लग्न. नवरा सोळा वर्षांचा, गोविंदराव कानिटकर. पुढे न्यायखात्यात गेले आणि कवीही झाले. त्या काळात मोठ्यांच्या देखत सुनेनं हातात पुस्तक धरलं तर सासूबाई काय म्हणतील ते मी वेगळं सांगायला नको. पण गोविंदरावांना घरात वाचणारी बायको हवी होती. झालं! बाईंनी अक्षर गिरवलं, मग मराठी पुस्तकं फस्त केली, संस्कृत झालं, इंग्रजीही झालं. याच गोविंदरावांनी पुढे मिल्लसाहेबाचं ते बायकांच्या परवशतेवरचं पुस्तक मराठीत आणलं. आता मला सांगा, नऊ वर्षांच्या पोरीला लग्न करून आणायचं आणि मग स्त्रियांची परवशता लिहायची! पण जाऊ दे, सगळ्यांचीच लग्नं तशी व्हायची, आणि निदान त्यांनी लिहिलं तरी.

आणि एकट्या काशीबाईच नाहीत हो. आपल्या या जुन्या सातारा जिल्ह्यानं त्याच एक-दोन वर्षांत दुसरीही दिली. देवराष्ट्रे! यशवंतराव चव्हाणांचं गाव म्हणून सगळ्यांना ठाऊक, पण रमाबाई रानडे तिथल्याच, कुर्लेकरांच्या. त्यांचं तर तुम्हाला ठाऊकच आहे. यजमान माधवराव रानडे, बिचारे विधवाविवाहाची भाषणं देत फिरायचे. पहिली बायको गेली, तर वडिलांनी घाईघाईनं ही अकरा वर्षांची पोर गळ्यात बांधली. १८७३ साल. पुण्यात तोंडं काय कमी वाजली असतील! "स्वतःवर आली की सुधारणा गेली" म्हणायला लोकांना काय लागतं हो? माधवरावांनी काय केलं, तर त्या पोरीला लगेच धुळाक्षरं काढायला बसवलं. आणि घरातल्या बायका! रमाबाईंनी आठवणींत सगळं लिहून ठेवलंय, कोण काय म्हणालं ते. पुरुषांचा त्रास नाही झाला तेवढा, बायकांच्या टोमण्यांचा झाला. मुलींच्या हायस्कुलासाठी गव्हर्नरसाहेबांपुढे इंग्रजीत वाचून दाखवलं, बाहेर टाळ्या, आणि घरी आल्यावर... असो. आपणही कुणाची सून होतो, आपल्याला कळतं.

जेनबाईंचंही असंच होतं की नाही? मॅडमना मी तेच विचारलं. तिचे वडील पाद्री. घरात मुलगे ढीगभर आणि मुली दोन, जेन आणि मोठी कॅसँड्रा. दोघी बिनलग्नाच्या राहिल्या. पाच मुलींची आई जावई शोधत फिरते ती कादंबरी आहे ना तिची, १८१३ ची? ती काय सातारची गोष्ट नाही? शनिवार पेठेत दर तिसऱ्या घरात ती आई बसलेली आहे. कुणाचा पगार किती, घर स्वतःचं की भाड्याचं, मुलगा एकटा की भाऊ आहेत वाटणीला...

आणि जेनचं स्वतःचं? अहो, ते तर ऐका! १८०२ चा डिसेंबर. मैत्रिणींकडे राहायला गेली होती, मोठ्या वाड्यात. मैत्रिणींचा भाऊ, एकवीस वर्षांचा, इस्टेटीचा वारस. त्यानं संध्याकाळी मागणी घातली. ही सत्ताविशीला टेकलेली. हो म्हणाली! घरात आनंदीआनंद. रात्रभर काय विचार केला देव जाणे, सकाळी उठून सांगितलं, नको. आणि बग्गीत बसून तडक परत! त्या घरातल्यांची तोंडं डोळ्यांपुढे आणा. न्याहारीला कुणी काय खाल्लं असेल? मला तर वाटतं, त्या एका सकाळीवरच तिच्या पुढच्या सगळ्या कादंबऱ्या उभ्या आहेत. मॅडम म्हणाल्या, असं म्हणता येणार नाही. न येऊ दे, मी म्हणते.

तिच्या घरात हिंदुस्थानचाही धागा आहे बरं का. तिची आत्या नवरा मिळवायला जहाजानं इकडे आली होती, आणि मिळाला एक सर्जन. मुलगी झाली कलकत्त्याला, १७६१ साली. बाप सर्जन, पण गॉडफादर कोण? वॉरन हेस्टिंग्ज! त्यानं त्या मुलीच्या नावावर दहा हजार पौंडांची सोय केली. आता एवढे पैसे म्हटल्यावर लोक गप्प बसतील का? तेव्हाही बोलले नि आजही बोलतात. मी काही बोलत नाही हं, मी फक्त रक्कम सांगितली. ती मुलगी पुढे फ्रान्सच्या एका सरदाराशी लग्न करून बसली, त्याचं मुंडकं क्रांतीत उडालं, मग तिनं जेनच्याच भावाशी लग्न लावलं. आता बघा, असली वहिनी-आतेबहीण घरात असल्यावर बाई कादंबऱ्या लिहिणार नाही तर काय करेल?

तर काय सांगत होते... काशीबाई! त्यांच्या गोतावळ्यात हरिभाऊ आपटे होते. "पण लक्षांत कोण घेतो" वाले हो. गोविंदरावांचे मित्र, काशीबाईंपेक्षा तीन वर्षांनी लहान. कानिटकरांकडे जाणं-येणं, पुस्तकांवर चर्चा, आणि पत्रं! परक्या पुरुषाची पत्रं, एकोणिसाव्या शतकात, एका सुनेला! काय लिहू, कसं लिहू, तुम्ही काय लिहिताय, असलं सगळं. भावा-बहिणीसारखं नातं, पण लोकांना काय हो... आता आमच्या इथे मी शेजारच्या काकांना दोन मेसेज केले तर तुम्हीच काय म्हणाल? तर यात गंमत कुठे आहे ती ऐका. जेन गेली १८१७ ला, वय अवघं एकेचाळीस. मग कॅसँड्रानं काय केलं, तर बहिणीची पत्रं बहुतेक सगळी जाळली! जी उरली ती दीडशेच्या वर थोडीशी. त्यात काय होतं कोण जाणे, लोक आजपावेतो हळहळतात. आणि आमच्या काशीबाईंनी? हरिभाऊ १९१९ ला गेल्यावर त्यांची पत्रं छापवली! उजळमाथ्यानं. घ्या वाचा, असं म्हणाल्यासारखी. हे मी सांगितलं तेव्हा मॅडमनी चहाचा कप खाली ठेवला.

चहावरून आठवलं! त्या पंचहौदच्या चहाचं तर ठाऊकच आहे, १८९० चा ऑक्टोबर. पुण्यातले भले भले मिशनऱ्यांकडे व्याख्यानाला गेले, चहा-बिस्किटं पुढे आली. कुणी प्याला, कुणी नुसता कप हातात घेतला, आणि मग सगळ्यांची नावं "पुणे वैभव" मध्ये छापून आली. टिळक काय, रानडे काय! ग्रामण्य झालं, शंकराचार्यांपर्यंत गेलं. हे सगळं कुणी केलं? गोपाळराव जोश्यांनी! आनंदीबाईंचे यजमान. असा मनुष्य! रानड्यांनी शेवटी मित्रांसाठी प्रायश्चित्त घेतलं, आणि रमाबाईंना ते अजिबात आवडलं नाही. तेही लिहून ठेवलंय त्यांनी, नवऱ्याचा एवढा मान ठेवून.

तर त्या आनंदीबाई, डॉक्टरीण. १८८६ ला अमेरिकेत पदवी, आणि १८८७ च्या फेब्रुवारीत पुण्यात संपल्या. एकविसाव्या वर्षी हो... त्यांचं मराठीतलं चरित्र लिहिलं कुणी? काशीबाईंनी. अमेरिकेत एका बाईंनी इंग्रजीत लिहिलंच होतं, पण इथली बाई इथल्या बाईवर मराठीत लिहितेय, हे नवं होतं. गोपाळराव तेव्हा हयात बरं का! चहा प्यायलेल्यांची नावं छापणाऱ्या माणसाच्या संसाराचं पुस्तक लिहायचं म्हणजे छातीच पाहिजे. काशीबाई नि आनंदीबाई पायांत बूट घालून, हातात छत्री धरून रस्त्यानं गेल्या तर लोकांनी दगड मारले, असंही सांगतात. मी पाहायला नव्हते. पण बायकांच्या हातात छत्री दिसली की पुरुषांच्या दगडांचा पाऊस का पडायचा, हे मला अजून कळलेलं नाही.

त्यातच १८८९ ला मुंबईला काँग्रेस भरली, तिथे दहाएक बायका डेलिगेट म्हणून गेल्या, पंडिता रमाबाई होत्या, स्वर्णकुमारीदेवी होत्या, आणि आमच्या काशीबाईही. आष्ट्याची लेक!

कादंबऱ्यांचं राहिलंच. "रंगराव" १९०३ ला पुस्तकात आली. पण माझा जीव "पालखीचा गोंडा" वर आहे, १९२८ ची. गोष्ट अशी, की एका गरीब मुलीचं लग्न फसवून एका संस्थानिकाशी लावतात. संस्थानिक डोक्यानं अधू. आता दुसऱ्या कुणी लिहिली असती तर मुलगी रडून रडून मेली असती आणि आपणही रडलो असतो. काशीबाईंची मुलगी काय करते? राज्य हातात घेते! शाळा काढते, बायकांना शिकवते, कारभाराला लावते. ६७ वर्षांच्या बाईनं लिहिलंय हे, आणि तेही नवरा गेल्यावर. जेनच्या कादंबरीत मुलीचं लग्न ठरलं की गोष्ट संपते. काशीबाईंच्यात लग्न फसतं आणि तिथून सुरू होते. यातली मोठी कोण ते मी नाही सांगत... सांगते, लिहिण्यात जेन मोठी. वाक्य काय टोचतं तिचं! काशीबाई मधेमधे उपदेश करतात, कंटाळा येतो, खोटं कशाला बोलू? पण जेनच्या पहिल्या पुस्तकावर नावच नव्हतं, नुसतं "एका बाईनं लिहिलेलं". पुढच्यांवरही "आधीच्याच लेखिकेची". जिवंतपणी पुस्तकावर नाव कधी आलंच नाही, आणि थडग्यावरही आधी कादंबऱ्यांचा उल्लेख नव्हता. काशीबाई नावानं लिहून, लोकांचं ऐकून घेऊन १९४८ पर्यंत जगल्या, ८७ वर्षं.

आणि त्यांच्या गोष्टींच्या पुस्तकांची नावं माहितीयेत? एक "चांदण्यातील गप्पा", एक "शिळोप्याच्या गोष्टी". म्हणजे आपलंच की हो! घरी आमचे हे म्हणतात, तुम्ही बायका भिंतीला टेकून वेळ घालवता. आता म्हणू देत.

मॅडमचं पुढे काय झालं विचारताय? जाताना दारात चपला घालताना हळूच म्हणाल्या, "काशीबाईंचं आत्मचरित्र मिळतं का हो?" म्हटलं, मिळतं की, अर्धवट राहिलेलं होतं ते सरोजिनी वैद्यांनी नीट लावून, वर चरित्र जोडून काढलंय. लिहून घेतलं त्यांनी. सांगलीच्या सुनेनंही लिहून घेतलं, सासूबाईंच्या समोर!

बरं, आत कुकरची शिट्टी झाली वाटतं. जाता जाता एक काम करा. तुमच्या नणंदेचं सासर आष्ट्याचं ना? त्यांना विचारा, बापटांचं घर कुठे होतं ते जुन्या कुणाला ठाऊक आहे का. आणि नगर वाचनालयात जाल तेव्हा "पालखीचा गोंडा" मागा. मिळाली तर आधी मला द्या हं, त्या मॅडमच्या आधी.