कायमस्वरूपी भावी

नगरसेवकांचे तीन प्रकार: आजी, माजी आणि भावी. त्यांतला ‘आजी’ हा प्रकार लातूर आणि नांदेडात २०२२ साली नामशेष झाला. लातूर महापालिकेची मुदत त्या वर्षीच्या मे महिन्यात संपली, नांदेड-वाघाळ्याची ऑक्टोबरात. मग आयुक्तसाहेबच प्रशासक झाले. ठराव मांडणारे तेच, मंजूर करणारे तेच आणि अंमलबजावणीला उशीर झाला तर स्वतःकडे खुलासा मागणारेही तेच. सभागृहात इतकी एकवाक्यता महाराष्ट्राने पूर्वी कधी पाहिली नव्हती.

भावींची मात्र लातूरच्या गंजगोलाईपासून नांदेडच्या वजिराबादपर्यंत भरभराट झाली. दर वाढदिवसाला फ्लेक्स, दर गणपतीला वर्गणी, दर नवरात्रात पैठणीचा खेळ. प्रभाग तीन नगरसेवकांचा होणार की चारचा हे ठाऊक नसल्याने हातचं राखून शेजारच्या प्रभागातल्या मयतीलाही जावं लागे. लातूरचा एक इच्छुक चहाच्या टपरीवर म्हणाला, “ओ मालक, निवडून येऊन जेवढं कमावलं नसतं, तेवढं न येताच घालवून बसलाव.” लोकशाहीचा खर्च यालाच म्हणत असावेत.

खरं तर राज्यघटनेने यात गोंधळाला जागाच ठेवलेली नाही. पालिकेची मुदत पाच वर्षं, त्याहून जास्त नाही, आणि ती संपायच्या आत निवडणूक. २००६ साली अहमदाबाद महापालिकेच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टानेही बजावलं होतं की प्रभागांच्या फेररचनेचं निमित्त पुढे करून निवडणूक लांबवता येणार नाही. एवढं स्पष्ट लिहिलं की मंत्रालयात लगेच शंका येऊ लागतात.

या वेळी गाडी अडली ती आरक्षणावर. ४ मार्च २०२१ रोजी सुप्रीम कोर्टाने विकास गवळी प्रकरणात स्थानिक संस्थांतल्या ओबीसींच्या जागांबाबत तिहेरी कसोटी लावली. स्वतंत्र आयोग नेमा, प्रत्येक संस्थेची वेगळी माहिती गोळा करा आणि एकूण आरक्षण पन्नास टक्क्यांच्या आत ठेवा. मागणं वाजवी होतं. कुणाचा वाटा अंदाजपंचे ठरू नये, मोजून ठरावा. पण ही कसोटी मुळात २०१० च्या कृष्णमूर्ती निकालातली. म्हणजे अकरा वर्षं ती टेबलावर पडून होती. त्या काळात मुंबईत सगळ्यांची सरकारं येऊन गेली, आणि ओबीसींचा कैवार घेतला नाही असं त्यांतलं एकही नव्हतं. फक्त मोजायचं तेवढं राहिलं.

पुढचा क्रम तोंडपाठ करण्यासारखा आहे. ४ मे २०२२ ला कोर्टाने सांगितलं, दोन आठवड्यांत निवडणुकीचा कार्यक्रम काढा. जुलैत ओबीसींची माहिती गोळा करायला नेमलेल्या बांठिया आयोगाचा अहवाल आला, २० जुलैला तो मान्य झाला, पुन्हा दोन आठवडे. त्याआधीच सरकारही बदललं होतं. आधीच्या सरकारला तीनचा प्रभाग शुभ होता, नव्याला चारचा. अध्यादेश निघाला, त्याविरुद्ध याचिका झाली आणि २२ ऑगस्टला कोर्ट म्हणालं, “जैसे थे”. निवडणूक एक दिवसही लांबवू नका असं ज्या कोर्टाने सांगावं, त्याच कोर्टाच्या दोन शब्दांवर पुढची पावणेतीन वर्षं गेली. सरकारने लांबवलं असतं तर ती घटनेची पायमल्ली. कोर्टात लांबलं की तिला सुनावणी म्हणतात.

६ मे २०२५ ला निकाल लागला: चार महिन्यांत निवडणुका घ्या, आणि ओबीसी आरक्षण बांठिया अहवालाच्या आधी होतं तसं ठेवा. परीक्षा झाली, पेपर तपासले, मग सांगितलं की मागच्या वर्षीचेच मार्क धरा. तरी चार महिने पुरले नाहीतच. यंत्रं कमी, माणसं कमी, शाळांत परीक्षा, अशी कारणं घेऊन सप्टेंबरात पुन्हा कोर्टात. शेवटची मुदत ३१ जानेवारी २०२६.

आणि नांदेडची गंमत पाहा. खासदार वसंतराव चव्हाण ऑगस्ट २०२४ मध्ये गेले. २० नोव्हेंबरला पोटनिवडणूक झालीसुद्धा. तीन महिन्यांच्या आत नांदेडकरांनी दिल्लीला नवा खासदार पाठवला, एकाच वर्षात लोकसभेला दोनदा मतदान केलं. दिल्लीतली एक खुर्ची रिकामी राहणं देशाला परवडत नाही. गल्लीतल्या एक्क्याऐंशी खुर्च्या तीन वर्षं रिकाम्या होत्या, तर कुणाचं काही अडलं नाही. अडलं ते नळाचं, गटारीचं. पण ते आजींच्या काळातही अडतच होतं, असं प्रशासक म्हणू शकतात, आणि इथे त्यांना खोडून काढणं अवघड आहे.

मतदानाचा हक्क मूलभूत नाही, कायद्याने दिलेला आहे, असं कोर्ट १९५२ पासून सांगत आलंय. मान्य. पण कायद्याने दिलेली वस्तू वेळेवर मिळावी, एवढं तरी कुणी मूलभूत धरायला हवं होतं. २०१७ च्या निवडणुकीनंतर लगेच अठरा वर्षांचं झालेलं नांदेडचं पोरगं १५ जानेवारी २०२६ ला पालिकेसाठी पहिल्यांदा बोटाला शाई लावून आलं, तेव्हा सव्वीस वर्षांचं होतं.

मधल्या काळात नेत्यांनी वेळ वाया घालवला नाही. २०१७ ला नांदेडात काँग्रेसचे ८१ पैकी ७३ आले होते. त्यांचे नेते अशोक चव्हाण २०२४ मध्ये भाजपमध्ये गेले आणि २०२६ मध्ये महापालिकाही तिकडे गेली. लातुरात उलट, २०१७ ला काठावर जिंकलेला भाजप या वेळी हरला आणि काँग्रेस जिंकली.

नव्या सभागृहांची मुदत २०३१ च्या सुरुवातीला संपेल. घटनेप्रमाणे निवडणूक त्याच्या आत व्हायला हवी. ज्यांना कुणाला त्याबाबत याचिका करायची असेल, त्यांनी कृपया आत्ताच करावी.