वॉटरमार्कवाले दादा

लग्नाचे फोटो व्हॉट्सॲपवर पाठवताना आमच्या भागातले स्टुडिओवाले दादा नवरीच्या मुंडावळ्यांपासून नवरदेवाच्या मोजडीपर्यंत स्वतःचं नाव तिरकं छापतात. बाकी चुकती केल्याशिवाय ते नाव हटत नाही. एखाद्या पाहुण्याने नाव कापून फोटो स्टेटसला ठेवला की दादांचा पारा चढतो. "आमच्या मेहनतीवर डल्ला आहे हा!" हे ते ज्या फोटोशॉपसमोर बसून बोलतात, ते क्रॅक केलेलं, म्हणजे चोरीचं आहे. वर 1957च्या कॉपीराइट कायद्याचं कलम 17 असं, की पैसे देऊन फोटो काढून घेतला तर, वेगळा करार नसल्यास, हक्काचा पहिला मालक काढून घेणाराच. म्हणजे सॉफ्टवेअर दादांचं नाही, फोटोही दादांचा नाही. नाव तेवढं त्यांचं.

क्रॅक बसवण्याचा विधी बघण्यासारखा असतो. झिप उघडली की आत सूचनांचा कागद. आधी अँटिव्हायरस बंद करा. मग इंटरनेट काढा. मग 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर'. अनोळखी माणसाने दारात येऊन कुत्रा बांधा, तिजोरीची किल्ली द्या म्हणावं आणि आपण चहाचं विचारावं, त्यातली ही गत. तरी अँटिव्हायरस बोंबललाच तर दादांकडे उत्तर तयार असतं : "तो उगाच ओरडतो, क्रॅकला सगळेच ओरडतात."

अशाच क्रॅकच्या पाठीवर बसून 'स्टॉप डीजेव्हीयू' नावाचं रॅन्समवेअर जगभर फिरलं. सगळ्या फाइल कुलूपबंद होतात, प्रत्येकीच्या नावाला नवं शेपूट फुटतं आणि फोल्डरमध्ये एक चिठ्ठी सापडते. या चिठ्ठ्यांमधला नेहमीचा दर 980 डॉलर असायचा. 72 तासांत संपर्क साधलात तर निम्मा, 490. शिवाय विश्वास बसावा म्हणून एक फाइल नमुन्यादाखल मोफत उघडून देणार. एवढी सूट दादांनी लग्नसराईत कुणाला दिल्याचं ऐकिवात नाही. पैसे भरल्यावर फाइल मिळतीलच, याची हमी मात्र कुणाचीच नाही.

हा निदान समोर येऊन दम देणारा चोर. दुसरी जात मुकी. ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड गुपचूप उचलायचे आणि चालतं व्हायचं. आता दादांच्या त्या एकाच कॉम्प्युटरवर काय काय असतं ते आठवा. पासपोर्ट साइझ फोटो, पॅन, मार्कलिस्ट आणि लॅमिनेशनसाठी दिलेलं तुमच्या सासूबाईंचं आधार. फुकटेगिरी दादांची, वर्गणी गावाची.

कायदाही गमतीत घेण्यासारखा नाही. त्याच कॉपीराइट कायद्याच्या कलम 63ब नुसार सॉफ्टवेअरची चोरीची प्रत माहीत असून वापरली तर किमान सात दिवस ते तीन वर्षं कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख दंड. धंद्यासाठी वापर नसेल तर कोर्ट कैद माफ करू शकतं. दादांच्या दारावरची पाटी त्या सवलतीच्या आड येते.

बरं, नाइलाज म्हणावा तर तोही नाही. 2013 पासून फोटोशॉपवाल्या अडोबीने नव्या आवृत्त्यांची कायमची विक्री थांबवून मासिक भाड्याचा रस्ता धरला, ते खटकतं, मान्य. मला स्वतःलाही भाड्याचा ब्रश पटत नाही. पण फोटोशॉपसारखंच काम करणारं जिंप 1996 पासून फुकट आहे आणि 2025 मध्ये त्याची तिसरी मोठी आवृत्ती आली. कॅमेऱ्याच्या रॉ फाइलसाठी डार्कटेबल आहे. अफिनिटीही 2025 मध्ये फुकट झालं. अल्बमच्या बारा बाय छत्तीसच्या पीएसडी डिझाइन अडत असतील तर फोटोपी त्या थेट ब्राउझरमध्ये उघडतं, आणि फाइल आपल्याच मशीनवर राहते. सगळंच फोटोशॉपसारखं जमेल असं नाही. प्रिंटच्या रंगांत जिंप अजून थोडं कच्चं आहे, आणि बोटांना बसलेल्या शॉर्टकटच्या सवयी मोडायला आठ-पंधरा दिवस जातील.

हे सगळं दादांना सांगून पाहिलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं, माउस बाजूला ठेवला आणि आवाज खाली आणून विचारलं, "फुकट देतात? मग त्यात काहीतरी गोम असणार."