टीव्हीसाहेबांस साष्टांग दंडवत

परमपूज्य श्री. टीव्हीसाहेब,
मु. पो. बैठकीची दर्शनी भिंत, जुना जालना.

सात ते साडेदहा आपल्यासमोर तोंड उघडायची या घरात कुणालाच मुभा नाही, म्हणून हा पत्रप्रपंच. राग नसावा.

आधी पाण्याबद्दल आभार. जालन्यात नळ रोज येत नाही, हे आपल्या कानावर आलं नसेलच. २०१२-१३च्या दुष्काळात आम्ही दिवसभर टँकरमागे धावायचो आणि रात्री आपली नायिका हिरवळीवर पाइपाने पाणी मारताना बघून गार व्हायचो. आपल्या एकाही सुनेने कधी ड्रम भरल्याचं मला आठवत नाही. परवा ऐन घटस्फोटाच्या भागात नळ आला. ड्रम भरला, वाहिला, पाणी पार जिन्यापर्यंत गेलं. कुणी जागचं हललं नाही. परक्या संसारासाठी आम्ही आठवड्याचं पाणी गटारीत सोडलं, एवढे संस्कार आपण केलेत.

सुनेला वळणही आपणच लावलंत. 'चार दिवस सासूचे'चे तीन हजारांवर भाग झाले. हे चार दिवस २००१ ते २०१३ चालतात, हे आपल्यामुळे कळलं. तेव्हापासून मी साध्या साडीत भाकरी थापायला बसले की सासूबाई विचारतात, "काय गं, बरं नाही का?"

पैठण आमच्या शेजारचं. पण आमच्या आळीला पैठणीचे डोहाळे लागले ते २००४ साली पैठणी बक्षीस देणारा आपला 'होम मिनिस्टर' सुरू झाल्यावर. आणि लग्नातली हळद! पूर्वी ती जुन्या साडीवर लागायची. आता आपल्या मालिका बघून पाहुण्यांनाही पिवळे कपडे सक्तीचे. (पिवळा रंग मला शोभत नाही, पण ते असो.)

आपला खरा अधिकार कळला तो सप्टेंबर २०२३मध्ये. एक तारखेला अंबड तालुक्यातल्या अंतरवाली सराटीत मराठा आरक्षणाच्या आंदोलकांवर लाठीमार झाला आणि सगळा देश जालना बघू लागला. पुण्याहून नणंदेचा घाबराघुबरा फोन, "वहिनी, तुमच्याकडे काय चाललंय?" आम्ही खिडकी न उघडता आपल्याकडे बघून सांगू लागलो. ती म्हणाली, "अहो, ते मलाही दिसतंय!"

तर एवढी एकच कृपा करा. सासूबाईंचे गुडघे फार दुखतात. डॉक्टरकडे चला म्हणून आम्ही सगळे सांगून थकलो. आपल्या आठच्या मालिकेतल्या सासूचे गुडघे एकदा दुखवा आणि तिला दवाखान्यात न्या. आमच्या सासूबाई दुसऱ्या दिवशी सकाळी नऊलाच चप्पल घालून तयार असतील.

आपली कृपाभिलाषी,
घरातली धाकटी सून

ता. क. : ते दुखणं जाहिरातीच्या आधी बरं करू नका.